फाटलेल्या अक्षरांचे सर

"अहो, यांना काही होतंय का बघा," मागच्या रांगेतल्या बाई नवऱ्याला म्हणाल्या.

काही होत नव्हतं. पेंडसे सर तोंड अर्धवट उघडं ठेवून व्यासपीठावर उभे होते आणि मी लॅपटॉपपाशी मनात आकडे मोजत होते. चौदाला सर पुन्हा बोलू लागले. ते वाचत होते ते पत्र पपायरसवर, म्हणजे लव्हाळ्याच्या जुन्या कागदावर लिहिलेलं होतं. त्यावर त्या जागची चौदा अक्षरं फाटून गेली होती. गेलेल्या प्रत्येक अक्षरासाठी सर एक सेकंद गप्प राहतात. मध्येच कोणी टाळ्या वाजवतं, कोणी पाणी आणून देतं.

"अंदाजाने भरा की," एकदा एक आजोबा म्हणाले.

"अंदाजाने बोलणारे पेठेत पुष्कळ आहेत. मी फाटलंय तिथे थांबतो."

सर संस्कृतचे निवृत्त प्राध्यापक, सदाशिव पेठेत माझ्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहतात. पन्नाशीनंतर ग्रीक शिकले आणि पहिल्या काही शतकांतल्या ख्रिस्ती माणसांची पत्रं वाचत बसले. दर शनिवारी वाचनालयाच्या सभागृहात ती सगळ्यांना समजावून सांगतात.

"तुम्ही कॉन्व्हेंटच्या ना? मग या विषयाची सवय असेल," असं म्हणून त्यांनी मला स्लाइड बदलायला नेलं. शाळेत मी मुख्यतः रांगेत उभं राहायला शिकले होते, पण ते सांगायचा धीर झाला नाही. याला दोन वर्षं झाली. कळत अजूनही फारसं नाही.

पेठेलाही कळत नाही. "सर बाटले का हो?" किराणावाल्या काकांनी मला विचारलं. मी मान हलवली. हो म्हणून की नाही म्हणून, ते मलाच ठाऊक नाही. सरांच्या कानावर गेलं तेव्हा ते म्हणाले, "इतकी वर्षं संस्कृत शिकवलं, तेव्हा मोक्ष मिळाला का विचारायला कोणी आलं नाही."

त्या शनिवारी व्याख्यानाआधी वाचनालयाच्या कार्यवाहांनी सरांना दारातच गाठलं. "सात श्रोते, सर. त्यातले चार पंख्यासाठी येतात. आज एक प्रश्न तरी येऊ दे. नाहीतर पुढच्या महिन्यापासून शनिवार योगवर्गाला."

"बरोबर आहे," सर म्हणाले. वाद घातला नाही, म्हणून मला भीती वाटली.

त्या दिवशीचं पत्र शिफारशीचं होतं. एका गावच्या ख्रिस्ती मंडळींनी दुसऱ्या गावच्या अनोळखी मंडळींना लिहिलेलं: ही आपली बहीण एकटी निघाली आहे, तिला घरात घ्या. नेमकं तिचं नाव फाटलेलं. सर गप्प राहिले, मग म्हणाले, "इतकंच उरलंय."

"काही प्रश्न?"

हे विचारताना सर नेहमी पहिल्या रांगेतल्या कोपऱ्यातल्या खुर्चीकडे बघतात. सरांच्या पत्नी, आमच्या काकू, तिथे बसायच्या. विषय घरी चार वेळा ऐकलेला असला, तरी पहिला प्रश्न त्यांचाच असायचा. गेल्या दिवाळीनंतर त्या गेल्या. आज खुर्चीवर कोणाची तरी छत्री होती.

सर छत्रीकडे बघत राहिले. कार्यवाहांनी एक पंखा बंद केला. सरांनी चष्मा काढून चष्म्याच्या घरात ठेवला.

मी उभी राहिले. खुर्ची करकरली आणि सगळे वळले.

"सर, मला नीटसं काही कळलं नाही," मी म्हणाले. "पण ती पोचली का? घेतलं का तिला घरात?"