अण्णांची मुद्दलाची रेघ

आमच्या शेजारच्या निकाळे अण्णांकडे गेलं, की कुठं बसायचं हे आपण ठरवायचं नसे. त्यांच्या व्हरांड्यात फरशीवर गेरूची एक रेघ मारलेली होती. रेघेच्या अलीकडं दोन खुर्च्या दाटीवाटीनं ठेवलेल्या आणि पलीकडं ही एवढी मोकळी जागा. पाहुणा साहजिकच पलीकडं सरकायचा. मग अण्णा त्याच्या दंडाला धरून त्याला परत अलीकडं आणायचे आणि म्हणायचे, "इकडं बसा. एवढं माझं आहे. तिकडचं संस्थेचं."

मी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा मला वाटलं, भाऊबंदकी असणार. घराच्या वाटण्या झाल्या असतील नि भाऊ एकमेकांशी बोलत नसतील. पण आत फक्त त्यांच्या पत्नी, अनुसयावहिनी, भाकरी थापत होत्या. भाऊ नाही, मूलबाळ नाही. मग ही संस्था कोण?

संस्था म्हणजे जिनं आम्हाला घरासाठी कर्ज दिलं ती. एकाहत्तर साली गंगापूर रोडला पेरूच्या बागांच्या कडेला आमची सोळा घरांची सोसायटी झाली. सगळी घरं एकाच नकाशाची, पाचशे चौरस फुटांची, आणि कर्जही सगळ्यांना सारखंच. पंचवीस हजार रुपये, दहा टक्क्यांनी, वीस वर्षांत फेडायचे. हप्ता महिन्याला दोनशे एक्केचाळीस. आम्ही सगळ्यांनी गृहप्रवेश केले, पेढे वाटले. अण्णांकडं मात्र काही नाही. बुद्धपौर्णिमेला वहिनी आम्हाला खीर द्यायच्या, तीसुद्धा व्हरांड्यात. गृहप्रवेशाचं विचारलं तर अण्णा म्हणायचे, "घर आपलं झालं की करू. दुसऱ्याच्या घरात प्रवेश कसला करायचा?"

अण्णा एका सरकारी खात्यात ट्रेसर होते. धरणांचे, कालव्यांचे नकाशे दिवसभर बसून गिरवायचे. त्यामुळं त्यांच्या खिशात कायम फूटपट्टी, आणि जगात मोजता येत नाही अशी वस्तूच नाही असा त्यांचा ठाम समज. दर एक एप्रिलला ते वर्षभरात किती मुद्दल फिटलं ते काढत, त्याला फुटाला पन्नास रुपयांनी भागत, आणि तेवढी जागा दारापासून मोजून रेघ पुढं सरकवत. पहिल्या वर्षाच्या शेवटी त्यांच्या मालकीची झाली दीड फुटाची एक पट्टी. चपला काढायची जागा, बस्स.

तिथंच ते बसायचे. नाशिकची थंडी काही साधी नाही, पण डिसेंबरातसुद्धा हा माणूस घोंगडी पांघरून, दाराला टेकून पेपर वाचत बसलेला. तोही आमचा पेपर. मी एकदा म्हटलं, "अण्णा, आत बसा की. काकडाल."

"आत सगळं व्याज आहे, बाई," अण्णा म्हणाले.

रेघेपलीकडच्या भिंतीला खिळा मारायचा नाही हा दुसरा नियम. परक्याच्या भिंतीला भोक कसं पाडायचं? त्यामुळं कॅलेंडर, आरसा, वहिनींच्या माहेरचा फोटो, अण्णांची छत्री, सगळं व्हरांड्यातल्या एका हातभर भिंतीवर. वहिनींना वेणी घालायची तर आरशासाठी रस्त्याकडं तोंड करून उभं राहावं लागायचं. त्या मूळच्या इगतपुरीकडच्या, बोलायला मोकळ्या. "काय सांगू बाई," त्या म्हणायच्या, "ह्यांच्या चपला ह्यांच्या घरात हायेत, आन् माझी चूल परक्याच्या. माझ्यापरास चपलांचं नशीब बरं."

मी हसायचे. मी शाळेत गणित शिकवते. आठवीला सरळव्याज, नववीला चक्रवाढ. वीस वर्षं मुलांची डोकी या व्याजानं खाल्ली. तेव्हा अण्णांनी एकदा मला विचारलं, "बाई, तुमचं घर केवढ्याला पडलं?" तर मी अगदी बाईंच्या तोऱ्यात सांगितलं, "पंचवीस हजारांना."

"चूक," अण्णा म्हणाले.

वर्गात आजवर हा शब्द माझ्या मालकीचा होता. मला राग आला. अण्णांनी फूटपट्टीनं माझ्याच वहीत रेघा मारल्या आणि दोनशे एक्केचाळीसला दोनशे चाळीस महिन्यांनी गुणलं. सत्तावन्न हजार आठशे चाळीस. "पन्नास रुपयांचा फूट तुम्हाला एकशे सोळाला पडला. आता पहिला हप्ता बघा. त्यात दोनशे आठ रुपये व्याज. मुद्दल तेहतीस. म्हणजे महिनाभर मर मर मरून घर किती आलं? पाऊण फूटसुद्धा नाही."

मी सगळा हिशेब पुन्हा करून पाहिला. बरोबर होता. इतकी वर्षं फळ्यावर जे शिकवलं ते स्वतःच्या घराला लावायचं मला सुचलं नव्हतं, याची मला खरंच लाज वाटली. तेव्हा अण्णांनी त्यांचं गुपित सांगितलं. ते हप्त्यावर दर महिन्याला छत्तीस रुपये जादा भरत होते. छत्तीस काही फार नाहीत, पण ते सगळेच्या सगळे मुद्दलात जातात. तेहतिसाचं मुद्दल एकोणसत्तर होतं, दुपटीहून जास्त. वीस वर्षांचं कर्ज चौदा वर्षांत फिटतं आणि सव्वाअकरा हजार वाचतात.

"पण एवढी घाई कशाला?" मी विचारलं.

"मी पंच्याऐंशीला रिटायर होणार. कर्ज एक्याण्णवपर्यंत. ही माझ्याहून अकरा वर्षांनी लहान. मधेच मी गेलो तर हप्ता कोणाच्या पदरात? हिच्या. आणि हप्ता चुकला तर घर कोणाचं?" अण्णा वहीकडं बघतच बोलत होते. "मी नोकरीत आहे तोवर हे मिटलं पाहिजे. नंतर काय वाट्टेल ते होवो."

त्या छत्तीस रुपयांसाठी अण्णांनी विडी सोडली, कॅन्टीनचा चहा सोडला आणि ऑफिसला चालत जायला लागले. बोलण्यातसुद्धा काटकसर. सोसायटीच्या सभेत चेअरमन दोन तास बोलले, की अण्णा उठून विचारायचे, "ह्यात मुद्दल किती होतं?" लग्नातही तेच. बँड, वरात, आहेर सगळं पाहून झालं की माझ्या कानाशी म्हणायचे, "मुद्दल पाचच मिनिटांचं, बाई. बाकी व्याज." आमचे हे सातपूरच्या कारखान्यात होते, त्यांना तर अण्णा दिसले की घाम फुटायचा. आम्हीही जोशात छत्तीस रुपये जादा भरायला सुरुवात केली. चार महिने भरले. मग मिक्सर आला.

शहात्तर साली मात्र घात झाला. तोवर पाच वर्षांत अण्णांची रेघ व्हरांडा ओलांडून बैठकीच्या खोलीत वीतभर शिरली होती आणि वहिनींनी त्या वीतभर भिंतीवर एक खिळा ठोकूनही घेतला होता. त्या एप्रिलात अण्णांनी संस्थेतून खातेउतारा आणला. त्यात फिटलेलं मुद्दल दाखवलं होतं अडीच हजार. अण्णांच्या हिशेबानं पाहिजे होतं पाच हजार तीनशे.

संध्याकाळी मी गेले तर अण्णा गुडघ्यांवर बसून ओल्या फडक्यानं रेघ पुसत होते. पुसून झाल्यावर त्यांनी फूटपट्टी लावली आणि दारापासून सव्वाचार फुटांवर नवी रेघ मारली. अर्ध्या व्हरांड्यात. मग बैठकीतला खिळाही उपटून काढला. वहिनी दारात उभ्या होत्या. एरवी त्यांनी चार शब्द सुनावले असते, त्या दिवशी तो खिळा उचलून पदराच्या गाठीत बांधला. मला रडू येईल असं वाटलं.

संस्थेनं केलं होतं असं, की ते जादा छत्तीस रुपये पाच वर्षं "आगाऊ हप्ते" म्हणून नुसते जमा करून ठेवले होते. मुद्दल तसंच, त्यावरचं व्याज तसंच चालू. अण्णांनी किरकोळ रजा टाकली आणि सकाळी दहाला जाऊन संस्थेच्या बाकावर बसले. तिसऱ्या दिवशी मलाही घेऊन गेले, गणिताच्या बाई म्हणून.

कारकून आधी खुशीतच होता. "अहो काका, तुमचे नऊ हप्ते आगाऊ जमा आहेत. नऊ महिने आला नाहीत तरी चालेल."

"मला सुट्टी नको," अण्णा म्हणाले. "मी पुढचे हप्ते भरत नाही. मी मुद्दल फेडतोय."

"पण मुद्दलात जादा भरणा असा रकानाच नाही ना रजिस्टरला."

"नाही?" अण्णांनी खिशातून फूटपट्टी काढली, पेन्सिल काढली, रजिस्टर स्वतःकडं फिरवलं आणि कारकून उठायच्या आत त्यात एक सरळ, सुबक रकाना आखला. वर डोक्यावर धरणाच्या नकाशाला असतात तसल्या अक्षरांत लिहिलं, 'मुद्दलात जादा भरणा'. "आता आहे."

कारकुनाची आरडाओरड ऐकून मॅनेजर आले. भला माणूस. त्यांनी अण्णांची वही पाहिली, मग माझ्याकडं वळले. "बाई, हे बरोबर आहे?" मी म्हटलं, "नववीच्या मुलाला पण सुटेल, साहेब." हे म्हणताना माझी जीभ चाचरली, कारण माझ्या स्वतःच्या खात्यात काय चाललंय ते मला ठाऊक नव्हतं. मॅनेजरांनी पाच वर्षांचा हिशेब पहिल्यापासून नव्यानं करायला लावला. आठवड्यानं अण्णांची रेघ परत बैठकीच्या खोलीत आली, आणि वहिनींनी खिळा जुन्याच भोकात ठोकला.

त्यानंतर रेघेला पाय फुटले. मुद्दल कमी झालं की व्याज कमी, व्याज कमी झालं की मुद्दलात जास्त. पहिल्या वर्षी सतरा फूट मिळवणारे अण्णा शेवटच्या वर्षी त्रेसष्ट फूट मिळवत होते. ब्याऐंशीला आमच्या कॉलनीत टीव्ही आले. आमच्याकडंही आला, हप्त्यानंच. अण्णा आमच्या खिडकीशी उभं राहून बातम्या बघायचे नि किंमत विचारायचे नाहीत, ही त्यांची माया. रेघ स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी आली तेव्हा वहिनी भाकरी उलटता उलटता म्हणाल्या, "आलात का? लय वाट बघायला लावली."

पंच्याऐंशीच्या मार्चमध्ये अण्णा रिटायर झाले आणि त्याच महिन्यात शेवटचा हप्ता भरला. मी त्यांच्यासोबत होते. बोजा उतरल्याचा दाखला घडी करून त्यांनी खिशात ठेवला. मला वाटलं, आता पेढे घेतील. त्यांनी दोन कप चहा सांगितला, चौदा वर्षांत पहिल्यांदा, आणि एकदम बोलायला लागले.

"माझा बाप इगतपुरीला रेल्वेत गँगमन होता. मी नऊ वर्षांचा असताना तापानं गेला. पंधरा दिवसांनी साहेबाचा माणूस आला, आईचा अंगठा घेतला. तिला वाटलं, बापाचे पैसे मिळायचा कागद आहे. तो क्वार्टर सोडायचा कागद होता. आठव्या दिवशी आमची भांडी बाहेर." त्यांनी चहा बशीत ओतला. "वाचता आलं असतं तर निदान चार दिवस आधी रडली असती. रात्र शेडमध्ये काढायची वेळ आली नसती आमच्यावर."

चहा पिऊन आम्ही निघालो.

पुढच्या रविवारी त्यांनी मला नि आमच्या ह्यांना साक्षीदार म्हणून बोलावलं. घर वहिनींच्या नावावर करायचं होतं. सोसायटीचं ऑफिस म्हणजे सेक्रेटरींच्या घराची बाहेरची खोली. वहिनी नवं लुगडं नेसून आल्या होत्या. त्या कधी शाळेत गेलेल्या नाहीत हे सगळ्या कॉलनीला माहीत, तेव्हा सेक्रेटरींनी अर्ज पुढं केला आणि शाईचं पॅड उघडलं. "वहिनी, इथं अंगठा."

अण्णांनी पॅडचं झाकण लावलं आणि ते टेबलाच्या दुसऱ्या टोकाला सरकवलं. "ती सही करणार आहे."

वहिनींनी पेन हातात घेतलं. "मला वेळ लागंल हां," त्या म्हणाल्या. नुसत्या 'अ'ला इतका वेळ लागला की सेक्रेटरींनी घड्याळ पाहिलं.

"करू द्या सावकाश," अण्णा म्हणाले. "वर्षभर रोज गिरवलीय तिनं. आणि घर तिचं आहे."

'अनुसया' झालं. 'निका' झालं. तिथं पेन थांबलं. वहिनींनी अण्णांकडं पाहिलं. अण्णांनी स्वतःच्या मांडीवर बोटानं 'ळ' काढला, हळूहळू, वळणं दाखवत. वहिनींनी त्यांच्या बोटाकडं बघत 'ळ' काढला, वर मात्रा दिली आणि पेन खाली ठेवलं. माझे डोळे भरून आले होते. साक्षीदार म्हणून माझं नाव कुठं लिहायचं ते मला दिसेना.

अण्णा कागद हातात घेऊन बघत बसले. मग नेहमीच्या हिशेबी आवाजात सेक्रेटरींना म्हणाले, "मी गेल्यावर पेन्शनच्या कागदाला पण हीच सही चालेल."

"गप बसा जरा," वहिनी म्हणाल्या. आणि एवढ्या माणसांत, बहुधा आयुष्यात पहिल्यांदाच, त्यांनी अण्णांचा हात धरला, तो घर येईपर्यंत सोडला नाही.