बिनछपाईच्या शाईचा जागतिक कल

एका जंगलात, मुलांनो, शाईचा फार मोठा व्यापार चालत असे, आणि त्या व्यापाराची खडान्‌खडा माहिती आज या पृथ्वीतलावर फक्त मला आहे. म्हणजे ते जंगल नेमकं कुठं होतं ते विचारू नका. शाई कशी करतात तेही फार खोदून विचारू नका. आणि व्यापाराचा धडा पुस्तकात यायच्या आधीच माझी शाळा सुटली होती. एवढं सोडलं तर बाकी सगळं मला ठाऊक आहे.

तेव्हा मांडी घालून बसा. ज्या मुलांचे गुडघे दुखतात त्यांनी खुर्ची घ्यावी. ज्या मुलांना नातवंडं झाली आहेत त्यांनी मागं बसून कुजबुजू नये.

तर त्या जंगलात गोंदाजी नावाचा एक साळिंदर राहत होता. त्याच्या बायकोचं नाव ठकूबाई. हिरड्याच्या झाडाखाली त्यांचं बीळ होतं. थंडीत हिरडे पडले की गोंदाजी ते ठेचायचा, कुण्या शिकाऱ्यानं टाकून दिलेल्या सापळ्याचा गंज खरवडून त्यात घालायचा, वरून बाभळीचा डिंक, आणि उन्हात मुरत ठेवायचा. काळीभोर शाई व्हायची. ती तो वाळलेल्या भोपळ्यांत भरून ठेवी.

आता जंगलात शाई कशाला, असं तुम्ही विचाराल. पत्र कुणी लिहीत नव्हतं. एक मोर कविता करायचा, पण त्या त्याला तोंडपाठ असत आणि दुर्दैवानं इतरांनाही.

शाई लागायची उन्हाळ्यात, तळ्यावर. चैत्र सरला की तळं आटायला लागे. मग नियम असा, की प्रत्येकानं दिवसातून एकदाच पाणी प्यायचं. पिऊन वर आलं की काठावर गोंदाजी बसलेला असे. तो आपल्याच पाठीचा एक काटा शाईत बुडवून त्याच्या नखावर, नाहीतर खुरावर, ठिपका द्यायचा. ठिपका दुसऱ्या दिवशीचं ऊन पडेपर्यंत टिकायचा आणि मग आपला आपण उडून जायचा. ठिपका असलेल्यानं पुन्हा पाण्याला तोंड लावायचं नाही. वाघानंही नाही. आधी मोठी जनावरं प्यायची, मग मधली, आणि सगळ्यांत शेवटी ससे, मुंगसं नि साळिंदरं. ठिपक्यामुळं शेवटच्या जिभेपर्यंत पाणी पुरायचं.

वाघ ठिपक्याला भीत होता असं नाही. पण ठिपका चारचौघांना दिसतो, आणि चारचौघांत वाघाला लाज वाटायची. फार जुनी गोष्ट आहे, मुलांनो.

या जंगलात दरवर्षी दिवाळीनंतर उत्तरेकडून करकोचे यायचे आणि होळीच्या सुमाराला परत जायचे. त्यातला एक करकोचा त्या साली अभ्यासक होऊन आला. कसा झाला? डोंगर ओलांडताना तो थव्याच्या मागं पडला. उशीर का झाला म्हणून सगळ्यांनी हटकलं, तेव्हा म्हणाला, वाटेत जागतिक बाजारपेठेचा अभ्यास करत होतो. तेव्हापासून अभ्यासक. पुढं लोक इतकं विचारू लागले की बिचाऱ्याला खरोखर माहिती देणं भाग पडलं.

हा करकोचा एक दिवस एका पायावर उभा राहून गोंदाजीचे भोपळे न्याहाळू लागला. हे काय, म्हणून त्यानं विचारलं. गोंदाजी म्हणाला, शाई. कुठली? हिरड्याची.

"तसं नव्हे गोंदाजीराव," करकोचा म्हणाला. "छपाईची, की बिनछपाईची?"

गोंदाजीनं डोकं खाजवलं. "छापत तर आम्ही काही नाही."

"म्हणजे बिनछपाईची. अभिनंदन. तिला जगात भलतीच मागणी आहे."

गोंदाजीला हर्षवायू व्हायचा बाकी राहिला. आजवर तो समजत होता की आपण शाई करतो. आता त्याला कळलं की आपण छपाई करत नाही, आणि आपण जे करत नाही त्याचा जगभर बाजार आहे. तो धावत बिळाकडं गेला आणि बायकोला सगळं सांगितलं. ठकूबाई कंद सोलत होती. ती म्हणाली, "मग आज रात्री बिनछपाईचं कालवण जेवा." गोंदाजी हिरमुसला. घरातल्या माणसांना कल कळत नाही, हे त्याला त्या दिवशी प्रथम जाणवलं.

दोन-चार दिवसांत वाघाच्या शिळेपुढं सभा भरली. करकोच्यानं वाळूत चोचीनं एक रेघ काढली. ती डाव्या अंगाला सभेच्या पायांशी सुरू होत होती आणि उजव्या अंगाला पार करवंदीच्या जाळीत शिरत होती. हा कल, असं त्यानं सांगितलं. मग बाजारात काय काय धरलं आहे ते त्यानं समजावलं. समुद्रातली माकूळ सोडते ती काळी पिचकारी, बिनछपाईची. जांभूळ खाल्ल्यावर जीभ रंगते, तीही बिनछपाईची. कावळा वरून जे टाकतो ते सध्या पांढरं असलं तरी होतकरू आहे. महाराजांच्या अंगावरचे पट्टे हा तर राखीव साठा. वाघानं शेपटी हलवली. आपल्यात साठा आहे हे त्याला कुणी इतक्या आदरानं सांगितलं नव्हतं.

रानडुकरानं विचारलं, की ही रेघ वरच का जाते?

करकोचा म्हणाला, "कल आहे म्हणून."

"आणि खाली उतरली तर?"

"तर आपण पलीकडं उभं राहून पाहावं."

सभेला हे फार पटलं. सगळी जनावरं पलीकडं जाऊनही पाहून आली. तिकडून रेघ उतरत होती. मग सगळ्यांनी अलीकडंच उभं राहायचं ठरवलं.

पुढचा मुद्दा आपल्या जंगलातल्या मागणीचा. करकोच्यानं सांगितलं, की मी सारी थंडी तळ्याच्या काठी उभा आहे. आले किती, प्याले किती, पण एकानंही नखाला शाई लावून मागितली नाही. म्हणजे इथं मागणी शून्य. तेव्हा सगळी शाई परमुलखात पाठवावी. इतकी वर्षं मी इथं येतो, पण या तळ्याचं पाणी बोटभर कमी झालेलं एकदाही पाहिलं नाही.

यात एक अक्षरही खोटं नव्हतं. अभ्यासकाचं बोलणं खोटं नसतंच, मुलांनो. ते हिवाळ्यातलं असतं.

बाकीच्यांना उन्हाळा ठाऊक नव्हता असं थोडंच आहे? वैशाखात जिभा बाहेर काढून बसणारी हीच मंडळी. पण काठोकाठ भरलेल्या तळ्याशी, कोवळ्या उन्हात, परदेशी पाहुण्यासमोर उन्हाळ्याचं नाव काढणारा जरा गावंढळ दिसतो. गोंदाजीनं चाचरत एवढं म्हणून पाहिलं, की उन्हाळ्यात थोडीशी लागते. करकोचा मायेनं हसला. उन्हाळ्यात आयात करा, म्हणाला, आयात केलेली शाई जास्त काळी असते. शिवाय निर्यातदाराची जागा महाराजांच्या शिळेला लागून असते.

गोंदाजीचं चाचरणं तिथंच थांबलं.

माकडांनी भोपळे खांद्यावर घेतले आणि शेजारच्या जंगलाकडं कूच केलं. गोंदाजी शिळेला लागून बसू लागला. पाठीवरचे काटे तो आता चापून मागं फिरवायचा. ठकूबाईनं आधी तोंड वाकडं केलं. पण एके दिवशी मुंगशीण वाटेत थांबून तिला "निर्यातदारीणबाई" म्हणाली, आणि त्या दिवसापासून ठकूबाईही कंद खणताना आधी इकडं तिकडं बघायला लागली.

तरी ती बाई धूर्त. एक भोपळा तिनं बिळाच्या आतल्या अंगाला माती लोटून लपवला होता, उन्हाळ्यासाठी. होळीच्या तोंडावर करकोचा दाराशी आला. रेघेचं टोक जरासं कलतंय, म्हणाला, एखादा भोपळा मिळाला असता तर वर गेलं असतं. गोंदाजी बायकोकडं बघू लागला. ठकूबाई गोंदाजीकडं बघू लागली. तेवढ्यात मुंगशीण तिथून चालली होती. ठकूबाईनं तो भोपळा आपल्या हातानं काढून दिला आणि वर म्हणाली, की आमच्याकडं असले पुष्कळ पडलेत.

होळी झाली. करकोचे उडाले. जाताना अभ्यासकानं सांगितलं, की इथून पुढचा कल तुमचा तुम्ही बघा.

मग पाणी उतरू लागलं. तळ्याच्या कडेनं चिखलाची एक पट्टी दिसली, मग रुंद झाली. जनावरं जुन्या सवयीनं रांगेत आली. काठावर गोंदाजी काटा घेऊन बसला होता. शाई नव्हती. हिरड्याचा हंगाम कधीच सरला होता.

वाघ प्याला आणि वर आला. थोड्या वेळानं पुन्हा आला. गोंदाजी अदबीनं म्हणाला, "महाराज, मघाशी आपलं पिऊन झालं."

वाघानं पंजा पुढं केला. "ठिपका दिसतो?"

"नाही महाराज."

"मग मी प्यालो नाही. नियम म्हणजे नियम."

वाघाला आता लाजायचं कारणच उरलं नव्हतं. त्याचं नख स्वच्छ होतं. गव्याचे खूर स्वच्छ होते. रानडुकराचे तर इतके स्वच्छ, की ते नियमाला धरून तळ्यातच मुक्कामाला राहिलं. ससे, मुंगसं, साळिंदरं यांची पाळी येईतो तळाशी नुसता रेंदा उरे. रोज असंच. गोंदाजी आणि ठकूबाई ओढ्याच्या कोरड्या पात्रात झिरा खणू लागली. ऊन डोक्यावर येईपर्यंत खणावं तेव्हा वाटीभर गढूळ पाणी साचायचं, आणि ते साचलं की वास काढत कुणीतरी थोरलं जनावर यायचं. ठकूबाईची जीभ टाळूला चिकटली होती. एरवी त्या जिभेला विसावा नसे. गोंदाजीला त्या शांततेची भीती वाटू लागली. ठकूबाई पुढच्या वळवापर्यंत टिकते की नाही, एवढाच हिशेब त्याच्या डोक्यात चालू राहिला.

एक आशा होती. आयात. वाघाच्या शिळेवरून हुकूम सुटला, माकडं धावली, आणि ऐन वैशाखात परदेशी भोपळे आले. गोंदाजीनं ते लगेच ओळखले. त्याचेच होते. फक्त बाहेरून ओळखू येत नव्हते, कारण देठापासून बुडापर्यंत त्यांच्यावर शिक्के होते. शेजारच्या जंगलाचा आल्याचा शिक्का, मग गेल्याचा, त्याच्या पलीकडच्या जंगलाचा आल्याचा, गेल्याचा, तपासल्याचा, न तपासल्याचा, आणि आधीचे शिक्के खरे असल्याचा. गोंदाजीनं एकाचं बूच काढून भोपळा उलटा केला. आतून एक वाळकी बी पडली.

त्यानं माकडांच्या म्होरक्याला विचारलं, आतली शाई कुठं गेली? म्होरक्या चकित झाला. इतके शिक्के मारले ते कशानं मारले, म्हणाला. वाटेत दुसरी शाई कुठं होती?

सारी जनावरं भोपळ्यांभोवती जमली. शिक्के फारच सुबक होते. वाघ म्हणाला, की आपल्या जंगलाचं नाव केवढं दूरवर गेलं पाहा. मग तो पाणी प्यायला गेला, कारण आज तो प्याला नव्हता.

पुढं वळीव आला, झिऱ्यात आपसूक पाणी झालं, ठकूबाईची जीभ सुटली आणि गोंदाजीचा जीव भांड्यात पडला. पहिले तीन दिवस तिनं जे सुनावलं ते इथं सांगत नाही, इथं मुलं बसली आहेत.

दिवाळी झाली. करकोचे आले. तळं काठोकाठ होतं. अभ्यासक त्यात एका पायावर उभा राहिला, आणि सगळी जनावरं "यंदा शाई पाहिजे, शाई पाहिजे" म्हणून त्याच्याभोवती गोळा झाली. करकोच्याचा ऊर भरून आला. गेल्या साली इथं मागणी शून्य होती, म्हणाला, आणि आज लहानथोर सगळे मागताहेत. माझा अंदाज कमीच पडला. त्यानं नवी रेघ काढली. ती थेट करवंदीच्या जाळीवरून उडून गेली.

गोंदाजीनं मनाशी घोकून ठेवलेलं विचारलं. रिकामे भोपळे परत आले, त्याचं काय?

करकोच्यानं शिक्के निरखले. हे तर छापलेलं आहे, म्हणाला, आणि छपाई माझ्या विषयात येत नाही.

शिळेशेजारची गोंदाजीची जागा अजून रिकामी होती. तिकडं त्याची नजर गेली. करकोच्यानं ती बरोबर हेरली, आणि गेल्या वर्षाच्या अनुभवाचं सार म्हणून वाळूत दोन ओळी लिहून दिल्या. त्या पाठ करून गोंदाजी मोठ्या उमेदीनं घरी आला आणि त्यानं बायकोला ऐकवल्या.

तात्पर्य : तळं आटतं, रेघ आटत नाही. म्हणून शहाण्यानं तहान लागली असता पाण्याकडं न पाहता कलाकडं पाहावं.

ठकूबाई कंद सोलत होती. तिनं मान वर केली नाही. म्हणाली, "छान आहे. पाहुण्यांना म्हणावं, यंदा होळीला उडू नका, वैशाखभर इथंच राहा. घसा सुकला की रेघ मी काढून देते."