कार्यालय चालत आले

झाशीहून टहरौलीच्या रस्त्याला लागले की थोड्या अंतरावर जी जमीन लागते, ती माणसाच्या विचाराप्रमाणे आकार बदलते. यात विशेष असे काही नाही. कुणाच्या मनात टेकडी आली की टेकडी उभी राहते. कुणाला लहानपणचे तळे आठवले की तळे होते आणि म्हशी येऊन त्यात बसतात. स्वातंत्र्यानंतर सरकारने यासाठी झाशीच्या सिव्हिल लाइन्समध्ये भूरूप नियमन कार्यालय उघडले आणि विषय मिटला असे जाहीर केले.

मधुसूदनराव शाळाखात्यात कारकून होते. झाशीत खंडेराव गेटच्या आत भाड्याच्या खोल्यांत जन्म गेला. निवृत्तीनंतर त्यांनी या रस्त्यावर जमीन घेऊन दोन खोल्या आणि स्वयंपाकघर बांधले. पत्नी सुहासिनीबाईंना स्वयंपाकघराच्या खिडकीतून उतार, एक कडुलिंब आणि खाली ओढा दिसायला हवा होता. त्यांनी पोळ्या लाटता लाटता तसा विचार केला आणि तसे झाले. पुढे त्यांनी जमिनीबद्दल काही मनात आणले नाही.

शेजारी बापूराव राहायला आले. तेही मराठीच, रेल्वेतून निवृत्त झालेले. एका सकाळी कुंपणापाशी दात घासताना मधुसूदनरावांना वाटले, बापूरावांचे अंगण आपल्यापेक्षा मोठे दिसते. तोवर ते मोठे नव्हते. दुपारी त्यांनी दोरीने मापून पाहिले, तर कुंपण खरोखरच हातभर आत सरकले होते. आपली शंका खरी ठरल्याचे त्यांना समाधान वाटले. त्या समाधानात त्यांनी आणखी विचार केला. आठवडा संपायच्या आत त्यांच्या तुळशीला बापूरावांच्या पत्नी पाणी घालू लागल्या.

"तुम्ही तिकडे बघणं सोडा," सुहासिनीबाई म्हणाल्या. "आपल्या जागेवर मन ठेवा, जागा राहील."

मधुसूदनरावांनी सांगितले की प्रश्न जागेचा नसून तत्त्वाचा आहे, आणि अर्ज घेऊन ते सिव्हिल लाइन्सला गेले.

तिथल्या साहेबांनी शांतपणे ऐकून घेतले. "ज़मीन तो वही है जी, जो आपने सोची," ते म्हणाले. मग त्यांनी नियम समजावला. जी जमीन अर्जदार स्वतःच दुसऱ्याची समजतो, ती नियमाने दुसऱ्याचीच. ती परत हवी असल्यास अर्जदाराने आपलेच अंगण मोठे आहे असे मनापासून मानावे, आणि शेजाऱ्यानेही तसेच मानल्याचे लिहून द्यावे. शेजारी म्हणजे बापूराव.

बापूरावांना अर्जाची कुणकुण लागली आणि त्यांचे जेवणावरचे लक्ष उडाले. हा अर्ज मंजूर झाला तर, या विचारात ते बसू लागले. इकडे मधुसूदनराव उठता बसता कार्यालयाचाच विचार करत. आपला कागद गठ्ठ्यात वर असेल की खाली? साहेब रजेवर तर गेले नसतील? दोन घरांत मिळून दुसरा विषय उरला नाही.

मग एका सोमवारी रस्त्यापलीकडे एक भिंत उगवली. तिच्यावर 'यहाँ थूकना मना है' असे लिहिलेले होते आणि खाली लोक थुंकलेले होते. पाठोपाठ व्हरांडा आला, बाके आली, गंजलेली कपाटे आली. कार्यालय त्यांच्याकडे चालत आले होते. दोघांनाही आनंद झाला, कारण आता झाशीची खेप वाचणार होती.

पुढचा विचार केला तसा व्हरांडा रस्ता ओलांडून मधुसूदनरावांच्या पुढच्या खोलीत शिरला. त्यांची खाट बरोबर चार नंबरच्या खिडकीसमोर आली. जेवणाच्या सुट्टीत शिपाई त्यांना उठवून बाहेर काढू लागला. बापूरावांच्या माजघरात टपाल विभाग बसला. साहेबांच्या लक्षात आले की सरकारी इमारतीत काही खाजगी लोक राहतात. त्यांनी दोघांना राहण्याची परवानगी घ्यायला सांगितले. ती चार नंबरच्या खिडकीवर मिळत होती, आणि ती खिडकी समोर खाट असल्यामुळे बंद ठेवण्यात आली होती.

सुहासिनीबाईंचे स्वयंपाकघर तेवढे जागच्या जागी होते. खिडकीत उतार होता, कडुलिंब होता. कारकून तिथे चहा मागायला येत. एके दिवशी सकाळीच सुहासिनीबाईंनी नवऱ्याबरोबर बापूरावांनाही आत बोलावले, दाराला कडी घातली आणि दोघांपुढे मटाराची टोपली ठेवली.

"आज कुणी अर्जाचं नाव काढायचं नाही," त्या म्हणाल्या.

दोघे मटार सोलायला बसले. मग बापूरावांना त्यांच्या आईची पुरणाची कढई आठवली. मधुसूदनरावांना बेतवा नदीत पोहायला शिकताना पाणी प्यायलेले आठवले. दोघेही हसले. मटार संपले तेव्हा सुहासिनीबाईंनी कपाट ओढल्यासारखा आवाज ऐकला आणि दुसरी टोपली पुढे केली. संध्याकाळी दार उघडले तर व्हरांडा नव्हता, बाके नव्हती. खाटेवर ऊन पडले होते. दोन्ही अंगणे सारखी होती आणि तुळस आपल्या जागी होती.

मधुसूदनरावांचे डोळे भरून आले. बराच वेळ ते कुंपणाला हात लावून उभे राहिले.

"म्हणजे अर्ज मंजूर झाला," ते म्हणाले.

बापूरावांनी जरा विचार केला. "तसा कागद मिळाला का हातात?"

या वेळी इमारत तीन मजली आली. जिन्यासकट.

आता मधुसूदनराव आणि बापूराव दुसऱ्या मजल्यावर मंजुरीच्या कागदासाठी रांगेत असतात. सुहासिनीबाई दोघांचा डबा वर पाठवतात आणि कडी लावून घेतात. एकदा त्यांनी नवऱ्याला निरोप धाडला, कडुलिंबाला मोहोर आला आहे, पाहायला या. खाली गेल्यास नंबर जाईल, असे उत्तर आले.

झाशीतले लोक हे ऐकून हळहळतात. हे वाचताना कुणाला आपलेही कुठेतरी अडकलेले काम आठवले असेल, आपला कागद वर असेल की खाली असे वाटून गेले असेल, तर त्याने उठून एकदा बाहेर पाहून यावे. कालपर्यंत नसलेली भिंत दिसली, तर रांग कुठून सुरू होते ते विचारून घ्यावे. बहुधा ती तुमच्याच दारापासून सुरू होत असेल.