धुक्यातला संयुक्त सराव

आमच्या सोसायटीतल्या सुर्वे तात्यांकडे जेवायला बसलं की आधी दिशा शिकाव्या लागत. "अरे, लोणचं जरा स्टारबोर्डला सरकव." स्टारबोर्ड म्हणजे उजवीकडे, हे डोक्यात शिरेपर्यंत माझी पोळी गार व्हायची. हा हर्णैचा म्हातारा मुलाच्या नव्याकोऱ्या फ्लॅटमध्ये, फरीदाबादला राहायचा. बाल्कनीला 'डेक' म्हणायचा, आणि वॉचमननं सलाम ठोकला नाही तर दिवसभर घुम्यासारखा बसायचा.

दुसऱ्या महायुद्धात तात्या नौदलात होते. झेंडे आणि दिवे दाखवून निरोप पोचवायचं त्यांचं काम. इंग्रज, डच, ऑस्ट्रेलियन जहाजांबरोबर त्यांनी संयुक्त सराव केले होते. "डच काय बोलतो ते इंग्रजाला कळायचं नाही, इंग्रज काय बोलतो ते आम्हाला. तरी सगळे एका रांगेत!" एवढं सांगून ते समोरच्या पंजाबी सोसायटीकडे बघत. तिला ते 'मित्रराष्ट्र' म्हणत. या मित्रराष्ट्राशी आमचं पाण्याच्या टँकरवरून रोज वाजायचं.

घरोघरी तेव्हा नव्या गाड्या येत होत्या, चालवता मात्र कुणालाच धड येत नव्हतं. हिवाळ्यात धुकं पडलं की रोज कुणीतरी कुणावर तरी आदळे. शेवटी तात्यांनी फर्मान काढलं: रविवारी सकाळी दोन्ही सोसायट्यांचा संयुक्त सराव. हॉर्न बंद. पुढच्याचा लाल दिवा बघायचा आणि मागोमाग जायचं. सगळ्यांत पुढे समोरच्या चढ्ढाजींची मारुती, तिच्यात शेजारी तात्या. सगळ्यांत मागे माझी स्कूटर.

पुढचं चढ्ढाजींनी मला नंतर पोट धरून हसत सांगितलं.

"तात्याजी, आगे कुछ दिख नहीं रहा!"

"दिखना ही नहीं चाहिए! यही तो सराव है!"

तेवढ्यात चढ्ढाजींना एका ट्रकचा लाल दिवा दिसला आणि ते निष्ठेनं त्याच्या मागे लागले. ट्रक निघाला लग्नाच्या खुर्च्या वाहणारा. आमचं अख्खं आरमार थेट मांडवात शिरलं. मुलीकडच्यांना वाटलं, वरात आली! बँड सुरू झाला, तात्यांच्या गळ्यात हार पडला. चूक कळेपर्यंत दोन्ही राष्ट्रं गरम जिलेब्या खात एकमेकांना 'यार' म्हणू लागली होती.

मी त्यात नव्हतो. माझी स्कूटर वाटेतच बंद पडली होती. ती ढकलत, मधे एका टपरीवर चहा घेत, मी रमतगमत परतलो. धुकं अजून विरलं नव्हतं. सोसायटीजवळ आलो तर ठण्, ठण् आवाज. तात्या भर रस्त्यात उभे राहून, धुक्यात जहाजावर घंटा वाजवतात तशी, पळीनं स्टीलची थाळी बडवत होते. आत मांडवातून परतलेले बाकीचे हसत-खिदळत बसले होते.

मी दिसताच थाळी थांबली.

"कुठे होतास?" पळी हातात तशीच धरून ते धावत आले.

"अहो तात्या, एवढं काय घाबरायचं? सराव तर होता!"

"गण्या गेला तोही सरावच होता."

गण्या हर्णैला त्यांच्याच आळीतला, दुसऱ्या जहाजावरचा. दिवे मालवून अंधारात चाललेल्या सरावात आपल्याच बाजूची दोन जहाजं एकमेकांवर आदळली होती.

"त्याची आई विचारायची, कोणी मारलं रे माझ्या पोराला? काय सांगणार तिला?"

तात्यांनी थाळी काखेत मारली.

"चल. ढकलू दोघं."

दोघांनी ढकलली म्हणायचं एवढंच. आत पोचेपर्यंत त्यांचा हात स्कूटरवर नव्हताच, माझ्या पाठीवर होता.