एका नर्सबाईसाठी सात सामने

उंद्री आणि माळखेड या दोन गावांना मिळून एक नर्सबाई मंजूर झाली आणि ती कोणत्या गावात बसणार, हा प्रश्न शासनापुढे गंभीरपणे उभा राहिला. साल एकोणीसशे त्रेसष्ट. राज्य नवं होतं, कचेऱ्या नव्या होत्या आणि टेबलांना अजून पॉलिशचा वास येत होता. दोन्ही गावांची वस्ती सारखीच, तालुक्याच्या चिखलीपासूनचं अंतर सारखंच, आणि साहेबांना भेटून गेलेल्या पुढाऱ्यांचं वजनही सारखंच भरलं. निर्णय घेतला तर एक गाव नाराज होणार. न घेतला तर कोणीच विशेष नाराज होत नाही, हा कचेरीचा अनुभव होता. पण या वेळी अडचण अशी, की नर्सबाई ट्रंक घेऊन हजर झाली होती आणि तिचा पगार सुरू झाला होता.

तेव्हा विस्तार अधिकारी वामनराव पुढे आले. त्यांना खात्यानं कुक्कुटपालनाच्या प्रशिक्षणासाठी नागपूरला पाठवलं होतं. शिकवायला एक अमेरिकन तज्ज्ञ होता. त्यानं कोंबड्यांबद्दल जे सांगितलं ते वामनरावांच्या लक्षात राहिलं नाही. पण जेवणानंतर तो त्याच्या देशातल्या बेसबॉलबद्दल जे बोलायचा, ते त्यांना तोंडपाठ झालं. दोन्ही गावांत हुतूतूचे तगडे संघ होते. सामना लावावा, जिंकेल त्याची नर्सबाई, म्हणजे कचेरीवर बालंट नको, असं त्यांनी सुचवलं. साहेबांनी इतक्या आनंदानं मान डोलावली, की खुर्चीही करकरली.

उंद्रीच्या संघाचा कप्तान शेषराव. वीस एकरांचा धनी, अंगानं आडवा, बोलण्यात थोडका. त्याला सामन्याची हौस नव्हती असं नाही, पण त्याला पाहिजे होती ती नर्सबाई. मागच्या साली त्याची बायको कोकिळा अडली होती. बैलगाडीतून तिला चिखलीला नेता नेता वाटेतच बाळ गेलं, आणि शेषरावानं गाडी तशीच माघारी वळवली होती. आता कोकिळेला पुन्हा दिवस गेले होते. शेषरावाला या एका गोष्टीची भीती वाटायची, आणि ती लपवायला तो दंडावरची माती झटकत बसायचा.

पहिला सामना उंद्रीच्या शाळेमागच्या मैदानावर झाला आणि उंद्रीनं तो सहज मारला. गावात साखर वाटली गेली. मग माळखेडवाल्यांनी तक्रार केली, की त्यांचा मुख्य चढाईवाला त्या दिवशी तापानं फणफणला होता. वामनरावांचा चेहरा उजळला. ते याच तक्रारीची वाट पाहत असावेत.

“एका सामन्यात नशीब जिंकतं,” त्यांनी दोन्ही कप्तानांना समोर उभं करून सांगितलं. “गुणवत्ता ठरायला सात सामने लागतात. जो आधी चार जिंकेल तो खरा विजेता. झालेला सामना धरून पहिले दोन उंद्रीला, मधले तीन माळखेडला, लागलेच तर शेवटचे दोन पुन्हा उंद्रीला. अमेरिकेत अशीच पद्धत आहे.”

“पन साहेब,” शेषराव म्हणाला, “अडलेली बाई सात सामने थांबन काय?”

“अमेरिकेत थांबतात,” वामनराव म्हणाले.

मग नियम आले. निकाल लागेपर्यंत नर्सबाईनं दोन्ही गावांपासून तटस्थ राहायचं, म्हणून तिचा मुक्काम चिखलीत. ती एखाद्या गावात राहिली तर त्या गावाला घरच्या मैदानाशिवाय घरच्या नर्सचाही फायदा मिळेल, आणि मग गुणवत्ता कशी ठरणार? मात्र प्रत्येक सामन्याला तिनं औषधांची पेटी घेऊन हजर राहायचं, कारण खेळाडू जखमी होऊ शकतात. खेळ चालू असताना मैदान सोडायचं नाही. सामना पंधरवड्याला एक. सुभद्राबाई नावाची ती नर्स भंडाऱ्याकडची, कामाला वाघीण होती. तिनं एवढंच विचारलं, की दोन सामन्यांच्या मधल्या काळात मी काय करायचं? तटस्थ राहायचं, असं तिला सांगण्यात आलं.

दोन्ही गावच्या बायकांनी ही पद्धत वामनरावांपेक्षा आधी समजून घेतली. सामन्याच्या दिवशी नर्स गावात येते, एरवी येत नाही. म्हणजे आजारी पडायचं ते सामन्याच्या दिवशी. खेळ सुरू व्हायच्या आधी आणि संपल्यावर सुभद्राबाईपुढे रांग लागू लागली. पोटुशा, बाळंतिणी, डोळे आलेली पोरं, खोकणाऱ्या म्हाताऱ्या, सगळी घोंगड्या टाकून मैदानाच्या कडेला बसत. वामनरावांनी वर कळवलं, की ग्रामीण महिलांमध्ये मैदानी खेळांची आवड झपाट्यानं वाढत आहे. वरून अभिनंदनाचं उत्तर आलं.

चार सामने झाले तेव्हा उंद्रीचे तीन आणि माळखेडचा एक झाला होता. पाचवा माळखेडला होता. तो जिंकला की नर्सबाई उंद्रीची. गावानं ढोलताशे ठरवून ठेवले. आदल्या बाजारी शेषराव चिखलीला बियाणं आणायला गेला होता, तिथे त्याला कचेरीतले कारकून नारायणराव भेटले. शेषरावानं सहज विचारलं, की परवा जिंकलो तर बाई गावात कधी येऊन राहील? नारायणराव चहा बशीत ओतता ओतता हसले. निकाल लागला की ठिकाण ठरलं, त्यांनी समजावून सांगितलं. ठिकाण ठरलं की तिथे दवाखान्याची इमारत पाहिजे. इमारतीला जागा, जागेला मोजणी, मोजणीला मंजुरी, मंजुरी मुंबईहून. दोन वर्षं धरा. तोवर बाई जिल्ह्याला परत.

“आन सामने चालू हायत तोवर?”

“तोवर ती सामन्यांवर आहे. सामने संपले की तिला इथे काम काय?”

शेषराव बियाणं न घेताच घरी आला. कोकिळेला आठवा संपत आला होता. पाचवा सामना जिंकला तर नर्स कायमची उंद्रीची होणार होती, म्हणजे उंद्रीत कधीच दिसणार नव्हती. हरला तर सहाव्याला ती उंद्रीत येणार होती, आणि तोही हरला तर सातव्याला, ऐन दिवसांत. माणसानं गावाच्या भल्यासाठी हरावं, आणि ते गावाला सांगताही येऊ नये, अशी वेळ त्याच्यावर शासनानं रीतसर आणली होती.

तो पाचवा हरला. भरल्या मैदानात तीन वेळा रेषेबाहेर गेला. गाव गाडीत बसून घरी आलं ते त्याच्याशी एक शब्द न बोलता. सहावा तो घरच्या मैदानावर हरला, तेव्हा मात्र लोक बोलले. माळखेडवाल्यांनी त्याला बैलजोडी दिली म्हणे, असं चावडीवर ठरलं, आणि जोडीचा रंगही लोकांनी ठरवून टाकला. वामनराव हरखून गेले होते. तीन तीन बरोबरी! अशी मालिका अमेरिकेतही दहा वर्षांतून एखादीच होते, असं ते भेटेल त्याला सांगत सुटले.

चिखलीच्या पुढच्या बाजारात माळखेडचा कप्तान पंजाबराव शेषरावाजवळ येऊन उभा राहिला. पन्नाशीला आलेला, पण कमरेचा काटा ताठ. त्यानं आधी बैलाचे दात पाहिले, मग शेषरावाकडे पाहिलं.

“तू काऊन हरून राह्यला बे?”

शेषरावानं खरं ते सांगितलं. पंजाबराव म्हणाला, की आपली पोरगी मंजुळा पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली आहे, चैत्रात तिचे दिवस भरतात. सामने संपले तर तिचं काय? दोघांनी तिथेच ठरवलं. सातवा सामना बरोबरीत सोडवायचा. निकाल नाही म्हणजे आठवा, मग नववा. दोन्ही गावांच्या लेकीसुना सुखरूप सुटेपर्यंत कोणीही जिंकायचं नाही.

सातवा सामना फाल्गुनात. मैदानावर ताजी फक्की टाकून रेषा मारलेल्या, चहूकडून माणूस लोटलेलं. कोणत्याही बाजूला एक गुण मिळाला, की दुसऱ्या चढाईत तो इमानदारीनं परत केला जात होता. वेळ संपली तेव्हा गुण बरोबर होते. दोन्ही कप्तानांनी सुटकेचा निःश्वास टाकला आणि एकमेकांकडे पाहून हात जोडले.

“थांबा,” वामनराव भोंग्यातून म्हणाले. “बेसबॉलमध्ये बरोबरी नसते. एक बाजू पुढे जाईपर्यंत खेळ चालूच राहतो. हा सामना आजच आणि इथेच निकाली निघेल.”

खेळ पुन्हा सुरू झाला. उन्हं उतरली तरी बरोबरी सुटेना. तेवढ्यात शेषरावाची आई गोजरबाई पदर खोचून मैदानाच्या कडेला आली आणि तिनं लेकाला हाक मारली. कोकिळेला दुपारपासून कळा येत होत्या. आता मूल आडवं आहे असं गावची सुईण म्हणत होती. शेषराव रेषा ओलांडून थेट वामनरावांपुढे गेला. घर शाळेच्या पल्याड, हाकेच्या अंतरावर. नर्सबाईला सोडा, असं त्यानं हात जोडून विनवलं. सुभद्राबाई तर पेटी उचलून उभीच होती.

“मी माणुसकीच्या आड येणारा माणूस नाही,” वामनराव कळवळून म्हणाले. “सामना संपवा. पुढच्या क्षणी पाठवतो.”

शेषराव माघारी फिरला आणि त्यानं हरायला सुरुवात केली. तो रेषेबाहेर गेला. माळखेडला गुण मिळाला, आणि शिट्टी वाजायच्या आत पंजाबराव स्वतः रेषेबाहेर जाऊन उभा राहिला. पुन्हा बरोबरी. उंद्रीचे दोन गडी बाहेर गेले, तसे माळखेडचे दोन गेले. शेषराव समोरच्यांच्या अंगणात शिरला, दम सोडला आणि पकडा म्हणून उभा राहिला. सात जणांनी हात पाठीमागे बांधले, आणि दम सुटल्याचा गुण मिळताच त्यातला एक जण शांतपणे रेषेपलीकडे चालत गेला. प्रेक्षक श्वास रोखून बघत होते. इतकी अटीतटीची झुंज त्यांनी जन्मात पाहिली नव्हती.

“पंजाबराव, जिक ना रे बापा,” शेषराव रडत म्हणाला. “माही बायको मरून राह्यली.”

“मले दिसते रे. पन मी जिकलो का बाई उद्या जिल्ह्याले जाते. माह्या मंजुळीनं कोनाच्या तोंडाकडे पाहाचं?” पंजाबरावाचेही डोळे भरले होते. “मले जिकवू नको, शेषराव. तुह्या पाया पडतो.”

दोघंही खरं बोलत होते, आणि वामनराव घड्याळाकडे बघत होते. गोजरबाईनं दोघांचं ऐकलं, वामनरावांकडे एकदा पाहिलं आणि घराकडे वळली. थोड्या वेळानं चार बायका कोकिळेची खाट उचलून मैदानात घेऊन आल्या आणि त्यांनी ती बरोबर मधल्या रेषेवर ठेवली. नर्सबाईला मैदान सोडायची मनाई होती. तिनं ते सोडलं नाही. बायकांनी चौफेर लुगडी धरली. दोन्ही संघ पाठ करून उभे राहिले. खूप वेळानं लुगड्याच्या आडून रडण्याचा आवाज आला, तेव्हा शेषराव फक्कीवर मटकन बसला. आईही वाचली होती. सुभद्राबाईचे हात कोपरापर्यंत माखलेले होते आणि ती पहिल्यांदाच हसत होती.

वामनरावांपुढे मात्र पेच पडला. खेळाच्या जागेत बाहेरचा इसम आला, तोही खेळ चालू असताना, आणि तोही नेमका मध्यरेषेवर, त्यामुळे त्याचा दोष कोणत्या बाजूला लावावा हे कळेना. अमेरिकन तज्ज्ञानं असल्या प्रसंगाबद्दल काही सांगितलेलं नव्हतं. त्यांनी सामना स्थगित केला आणि मार्गदर्शन मागवलं. मार्गदर्शन यायच्या आत मार्च संपला. न लागलेल्या निकालाची नेमणूक पुढच्या सालात ओढता येत नाही, असं ठरलं आणि सुभद्राबाई ट्रंक घेऊन परत गेली. वामनरावांना बढती मिळाली. पुढच्या वर्षी विहिरी, मास्तर आणि एस.टी.चे थांबे सातांतून चार याच पद्धतीनं द्यायचे, असं ठरलं.

मंजुळा चैत्रात अडली. त्या दिवशी कुठेच सामना नव्हता. पंजाबरावानं गाडी जुंपली आणि चिखलीच्या वाटेवर निम्म्यातून ती माघारी वळवली. गाडीत मंजुळा होती, पण ती बापाच्या हाकेला ओ देत नव्हती. शेषराव तिच्या मातीला गेला. दोघं कप्तान शेजारी उभे राहिले.

ती मालिका अजून लोकांच्या तोंडी आहे. पाचव्यात शेषराव का घसरला, तीन दोन असताना सहावा कसा निसटला, सातव्याचा निकाल दिलाच असता तर कोणाच्या बाजूनं, यावर चावडीवर तासन् तास खल चालतो. बाहेरगावचा पाहुणा आला, की शेषरावाला आवर्जून विचारतो, मग जिंकलं कोण? मध्यरेषेवर मुलगा झाला की मुलगी, हे आजवर कोणी विचारलेलं नाही. आणि वाचकहो, ते तुमच्याही ध्यानात आलं नसेल, कारण तुम्हीही गुणच मोजत होता.