मुक्या सिनेमाचा भोंगा

किन्हवलीच्या शाळेच्या पटांगणात, पडद्यावरचा माणूस ओठ हलवत होता आणि पंढरीच्या भोंग्यातून शब्द फुटत नव्हता. सापगावहून भोंगे घेऊन पंढरी या गावात पहिल्यांदाच आला होता. गेल्या सप्त्याचं कीर्तन वरच्या पाड्यापर्यंत पोचलं नाही, म्हणून सरपंच हिराबाई नवा भोंगेवाला शोधत होत्या. आजची संध्याकाळ नीट गेली, तर यंदाचा सप्ता पंढरीचा.

नवल म्हणजे पुढे बसलेली मंडळी पोट धरून हसत होती. त्यांना थोडंफार ऐकू येतंय, म्हणजे पडद्याशेजारी टांगलेल्या भोंग्याची वायर सैल झाली, असा पंढरीने हिशोब केला. आवाजाचं बटण शेवटपर्यंत पिळून तो शिडी खांद्यावर घेऊन अंधारात निघाला. शिडीच्या मागच्या टोकाने पुढच्या रांगेतल्या अनंतानानांची टोपी उडवली.

"कोन हाय रे तो? दिसत नाय काय?"

"चुकलं, नाना," म्हणत पंढरी वळला, तसं पुढचं टोक पडद्यात घुसलं. ओढायला गेला तर दोरी तुटली. शिडी, पडदा आणि पंढरी एकदमच पडद्यासमोरच्या चालू माईकवर कोसळले.

"आई गोऽऽ!"

सिनेमा सुरू झाल्यापासून भोंग्यातून आलेला हा पहिला आवाज. पटांगण गडबडा लोळलं.

विज्ञानाच्या दामिनीबाईंनी पडदा बाजूला केला. "पंढरीदादा, लागलं का? करत काय होतात?"

"बाई, आवाज येत नव्हता..."

"येणार कुठून? शंभर वर्षांपूर्वीचा मुका सिनेमा आहे हा. भोंगा माझ्या भाषणापुरता होता."

"मंग मानसं कशाला हसत व्हती?"

"बसा, बघा."

पडदा पुन्हा बांधला. सुजलेला गुडघा चोळत पंढरी बघत राहिला. तोकड्या कोटातला किडकिडीत माणूस शिडीवर चढला; शिडी त्याच्यासकट उभी राहिली, डुलली, भिंतीपलीकडे कलली. नेमक्या क्षणी त्याने एक पाय हलवला आणि थेट पाण्याच्या टाकीत गेला. बाहेर येऊन त्याने टोपी पिळली आणि रस्त्यावरच्या बाईला अदबीने नमस्कार केला. खाली गादी नाही, कमरेला दोर नाही. पंढरीचा जन्म शिडीवर गेला होता. हसता हसता त्याच्या अंगावर काटा आला.

"बाई, ह्यो पडत नाय," तो हळूच म्हणाला. "मोजून उतरतो. पडलो तो मी."

कार्यक्रम संपला. पंढरी खालमानेने वायरी गुंडाळू लागला. हिराबाई फोन घेऊन समोर उभ्या राहिल्या.

"वरच्या पाड्यावरनं सुनेचा फोन आला. इचारते, कोन पडला?"

पंढरीची मान आणखी खाली गेली.

"सप्ता तुझा," हिराबाई म्हणाल्या. "फकस्त माईक बुवांच्या हातात दे."