नावं घातलेला ट्रे

एका जंगलात, बाळांनो, वीज यायची होती.

जंगलाला विजेची काय गरज, असं विचारू नका. तिथेही कुणी विचारलं नव्हतं. वाघमहाराजांना गुहेत पंखा हवा होता. उन्हाळ्यात माशा फार होतात. शेपटीने किती म्हणून वारायच्या? राजाची झाली तरी शेपटीच ती, दुखतेच.

मग पलीकडच्या धरणावरून तारा आल्या. जाड काळ्या, बारीक लाल, मधल्या पिवळ्या. आणल्या आणि टाकल्या जमिनीवर. ओढ्याकाठून, वारुळाला वळसा घालून, कड्याच्या पायथ्याने थेट गुहेपर्यंत. वाळत घातलेल्या शेवया खाटेवरून घसरून अंगणभर पांगाव्यात, तसा सगळा पसारा.

आणि त्या पसाऱ्याच्या मधोमध बकुळा उंदरिणीचं बीळ.

बकुळा वयाने लहान. पहिलंच बाळंतपण आणि पदरात पाच पिल्लं. आता उंदराच्या पोरांना दात आले की काय होतं, ठाऊक आहे ना? दात नुसते शिवशिवतात. दिसेल ते कुरतडायचं. लाकूड, मुळ्या, आईचे कान. त्यातून थोरला टिकल्या म्हणजे कहर. एक दिवस बकुळा दाणे घेऊन आली, तर हा लाल तार तोंडात धरून बसलेला. ऊस सोलावा तशी सोलत होता.

"थुंक! आधी थुंक मेल्या!"

"आई, मऊ आहे गं," टिकल्या म्हणाला.

तारेत वीज सोडलेली नव्हती, म्हणून वाचला. पण पाडव्याला महाराज बटण दाबणार होते. तशी दवंडीच पिटली होती.

आणि हे बघा, तुम्हीसुद्धा चार्जरची वायर तोंडात घालायची नाही. पुन्हा सांगणार नाही. हं, ऐका पुढे.

बकुळाला अन्न गोड लागेना. शेजारी साळूकाकू राहायच्या, साळिंदरीण. त्यांनी पाहिलं आणि हसल्या.

"आमच्या वेळी नव्हत्या हो असल्या तारा. आमची पोरं एकमेकांचे काटे टोचूनच मोठी झाली. पोरं धाकात ठेवावी लागतात, बकुळे."

"पोरं ठेवते हो धाकात, काकू. पण त्यांच्या दातांना कोण धाकात ठेवणार?"

"मग जा वीजसमितीकडे. बसून रडून काय होतंय?"

समिती झाडाखाली बसलेलीच होती. गवाराव अध्यक्ष. गवा तो, त्याला कोण नको म्हणणार? शेजारी वानरसाहेब. शहरातल्या एका कारखान्याच्या छपरावर त्यांनी उमेदीची वर्षं काढली होती, म्हणून जंगलाचे इंजिनियर तेच.

बकुळाने हात जोडले. "साहेब, पोरं लहान आहेत. पाडव्याच्या आत तेवढ्या तारा वर उचला."

"त्याला केबल ट्रे लागतो," वानरसाहेब म्हणाले. "कड्याला लोखंडी आधार ठोकायचे. त्यावर पोलादी ट्रे, पन्हाळीसारखा लांबच लांब. तारा त्यात. कारखान्यात तसंच असतं."

"मग लावा ना."

"लावा काय?" गवाराव म्हणाले. "भाजी आहे का? निवड करावी लागते."

मग निवड झाली. तीन नमुने मागवले. एक शिडीसारखा, दोन कडा आणि मध्ये आडव्या पट्ट्या. एक भोकाभोकांचा. आणि एक बंद, वर झाकण असलेला.

धामणीने झाकणवाला मागितला. "आत कसा गारवा राहील."

"कुणाला?"

"तारांना हो. मला मेलीला काय करायचंय?"

माकडांचं मत शिडीला पडलं. चढायला बरी म्हणून. गवारावांनी कुणाचंच ऐकलं नाही. पुढे झाले आणि तिन्ही ट्रे चाटून पाहिले.

"मीठ एकालाही नाही," ते म्हणाले. "पण मधला जिभेला गार लागतो."

मधला म्हणजे भोकाभोकांचा. वानरसाहेबांनी सुटकेचा श्वास सोडला. त्यांनाही तोच हवा होता. तारा तापतात, त्यांना खालून हवा लागली पाहिजे. वर जस्ताचा मुलामा होता, म्हणजे पावसात गंजायची भीती नाही. असं शहाणपणाने पाहिलं काय आणि जिभेने पाहिलं काय, ट्रे एकच निघाला. असं कधी कधी होतं, बाळांनो. पण त्याच्या भरवशावर राहू नये.

काम मात्र झकास झालं हो. वानरसाहेबांनी आधार जवळ जवळ ठोकले, ट्रेला मध्ये झोळ येऊ नये म्हणून. बोल्टची गोल डोकी आत ठेवली आणि नट बाहेर, आत काही टोचायला नको. कापलेल्या कडा घासून घेतल्या. वळणावर वळणाचाच तुकडा बसवला. महाराजांच्या गुहेपुढच्या ओट्याच्या बरोबर खाली, कड्याच्या कमरेला चांदीचा पट्टा घालावा, तसा ट्रे झळकायला लागला.

बकुळाने लांबूनच नमस्कार केला. "देव पावला. आता तारा घाला, साहेब."

"थांब की," गवाराव म्हणाले. "नाव कुठे घातलंय अजून?"

खरंच की! स्टीलची वस्तू, आणि तिच्यावर नाव नाही? लग्नातला डबा असो की बारशातली वाटी, नाव घातल्याशिवाय मांडणीवर चढते का? एरवी शेजारी भाजी घालून दिलेली वाटी परत येते होय?

सुतारपक्ष्याला बोलावलं. आता नाव घालायचं कुठे? वानरसाहेब म्हणाले, बाहेरून घाला. पण बाहेरची कड वीतभरही नाही. शिवाय महाराज बसणार वर, ओट्यावर. त्यांना ट्रेच्या आतलाच भाग दिसणार. मग आत तळाला घालायचं ठरलं. टक टक टक, भोकं चुकवत चुकवत सुतारपक्ष्याने पहिलं नाव घातलं. 'श्रीमंत वाघमहाराज यांजकडून जंगलास सप्रेम भेट.' वर्गणी सगळ्यांकडून घेतली होती, पण ते असो.

त्याच्या पुढे अध्यक्ष. अध्यक्षांचं वासरू, चिरंजीव लावून. मग उपाध्यक्ष रानडुक्कर. त्याच्या कैलासवासी मातोश्रींच्या स्मरणार्थ. धामणीचं नाव लांबलचक, ती म्हणाली आखडतं घेणार नाही. कुणाचं आधी, कुणाचं मागे, यावरून दोन रानकोंबडे एकमेकांना भिडले. शेवटी ट्रे या टोकापासून त्या टोकापर्यंत नावांनी भरून गेला. वानरसाहेबांचं नाव तेवढं राहिलं. जागाच उरली नव्हती.

पाडवा उद्यावर आला. बकुळा पुन्हा समितीपुढे उभी.

"आता तरी तारा घाला, साहेब."

"घाला रे तारा," गवाराव म्हणाले, आणि एकदम थबकले. "थांबा! तारा घातल्या तर नावं झाकतील."

हे कुणाच्याच लक्षात आलं नव्हतं.

"पण ट्रे तारांसाठीच आहे ना?" बकुळाने भीत भीत विचारलं.

"आहे ना. पण नावं काय झाकायला घातली?"

"अध्यक्ष, माझं ऐका," वानरसाहेब म्हणाले, "नियमाने..."

"तुमचं नाव नाही ना त्यात, म्हणून बोलता," रानडुक्कर म्हणाला, आणि वानरसाहेब खाली बसले.

"उद्या महाराजांना नावं वाचू देत," गवारावांनी निकाल दिला. "नंतर तारांचं बघू."

"अहो, पण उद्याच वीज सोडणार!"

"म्हणून तर सांगतो, बाई. उद्या पोरं सांभाळ."

बकुळा बिळाशी आली. उजवीकडे तार, डावीकडे तार. दाराशी रानडुकरांनी तुडवून साल निघालेली, आतली तांब्याची काडी डोळे वटारून बघणारी तार. पोरं घेऊन माहेरी जावं, तर वाटेतही ताराच. तिने चारी दिशांना पाहिलं. मग वर पाहिलं. जंगलात तार नसलेली जागा एकच उरली होती.

पाडव्याच्या सकाळी तिने एकेक पिल्लू मानेला धरून वर नेलं. आधी कडांवरून पंजा फिरवला, पाळण्यावरून फिरवावा तसा. कुठे धार नाही. मग एकेकाला ओळीने निजवलं, दोघांत थोडी थोडी जागा ठेवून, नाहीतर भांडतात. महाराजांच्या नावावर निजवायची तिची छाती झाली नाही. तिथून पुढे, अध्यक्षांच्या नावापासून तिने सुरुवात केली. पाच शेपट्या भोकांतून खाली लोंबायला लागल्या.

टिकल्याने लगेच ट्रेला दात लावून पाहिला.

"आई, हे कडक आहे गं."

"असू दे राजा. कडकच बरं."

तेवढ्यात समिती आली. गवारावांनी वर पाहिलं आणि फुरफुरले. "उतरव! आत्ताच्या आत्ता उतरव! माझ्या नावावर कोण लोळतंय? अगं, भिजवलं की गं त्याने!"

"लहान आहे हो, साहेब," बकुळा रडकुंडीला आली. "खाली ठेवलं तर मरेल."

"मग नाव काय..."

"घूऽऽ," मागून आवाज आला.

वीजखात्याचे तपासनीस आले होते. घुबडसाहेब. त्यांनी होकार दिल्याशिवाय महाराजांनासुद्धा बटण दाबता येत नव्हतं. आता घुबडाला दिवसा नीट दिसत नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे, मला ठाऊक आहे. पण तपासणी कचेरीच्या वेळातच करायची, असा नियम. घुबडसाहेबांनी डोळे बारीक करून वर पाहिलं. पाच शेपट्या दिसल्या.

"वा!" ते म्हणाले. "तारा घातल्या वाटतं. रांगेत आहेत. मध्ये हवेला जागाही सोडलीय. नाहीतर लोक नुसते कोंबतात हो."

गवारावांनी बकुळाला खुणेनेच सांगितलं, राहू दे.

घुबडसाहेबांनी वर उडून चोचीने टिकल्याची शेपटी चाचपली. शेपटी वळवळली. "हलली?"

"वारा आहे, साहेब!" अख्खी समिती एका सुरात ओरडली.

खाली उतरून चार पावलं पुढे गेले, तोच घुबडसाहेब जमिनीवरच्या तारांत अडखळले. "आणि हे काय पायात?"

"वेली, साहेब," गवाराव म्हणाले. "रान म्हटलं की वेली आल्याच."

"काढून घ्या. कुणी पडेल." एवढं बोलून घुबडसाहेबांनी मान डोलावली. काम मंजूर.

ते झाडापलीकडे जाताच गवाराव ट्रेखाली आले आणि हळूच म्हणाले, "बकुळाबाई, महाराज येईपर्यंत पोरांना उतरवू नका हं. आणि शेपट्या तेवढ्या सरळ राहू द्या."

हे सगळ्या आयांनी ऐकलं. मग काय विचारता! खारी आल्या, मुंगशिणी आल्या, घुशी आल्या. जिला तिला आपलं पोर ट्रेत ठेवायचं. धाकाच्या गोष्टी सांगणाऱ्या साळूकाकू सगळ्यांत पुढे. "सरका गं, सरका, माझ्याला टोकाला ठेवते, काटे आहेत त्याला." पण महाराजांच्या नावावर एकीनेही पोर ठेवलं नाही. बाकी ट्रे असा भरला की नाव काय, काना-मात्राही दिसेना.

सनई वाजली. वाघमहाराज ओट्यावर आले आणि त्यांनी खाली वाकून पाहिलं.

"माझं एकट्याचंच नाव?" महाराज म्हणाले. "समितीने आपलं घातलं नाही?"

गवारावांनी मान लववली. "आम्हाला कशाला हवं नाव, महाराज? आम्ही आपले सेवक."

महाराजांचे डोळे पाणावले. त्याच भरात त्यांनी बटण दाबलं.

गुहेत पंखा गरगरला. आणि खाली जमिनीवर चर्रर्र झालं. समिती नेमकी तारांतच उभी होती. गवाराव, ज्यांना जंगलात कुणी कधी पळतानाही पाहिलं नव्हतं, ते चारी खुरांवर उडाले. खाली आले, परत उडाले. रानडुक्कर धामणीवर पडला आणि धामण कुणावर पडली ते तिलाही कळलं नाही. फक्त वानरसाहेब फांदीवर होते. त्यांना खाली बोलावलंच नव्हतं.

"बकुळाबाई!" गवाराव मधल्या उडीत ओरडले. "जरा सरकता का? पुढचे पाय तरी टेकवू द्या! माझंच नाव आहे हो तिथे!"

बकुळाने टिकल्याला पोटाशी घेतलं आणि खाली पाहिलं.

"सरकले असते हो, साहेब," ती म्हणाली. "पण पाय ठेवलात तर नाव झाकेल ना तुमचं."

तात्पर्य: ट्रे कसा निवडावा, कसा बसवावा, हे थोरामोठ्यांना चांगलं कळतं. त्यात आपण पडू नये. आपण फक्त त्यावरची नावं वाचावीत, सगळ्यांत मोठं नाव सोडून द्यावं, आणि उरलेल्या जागेत पोरं निजवावीत. तारांचं समिती बघेल.